उजव्या हाताचं प्रकरण

मंगळवार, ११ मार्च

प्रिय ताई,

सप्रेम नमस्कार. इकडे सगळं ठीक आहे, असं पत्राच्या सुरुवातीला लिहायचं असतं म्हणून लिहिलं. ठीक काही नाही. भाऊजींची पाठ कशी आहे? घरात फिजिओथेरपिस्ट बायको असून माणूस वाकून चालतो, हे बघून तुझे पेशंट पळून कसे जात नाहीत याचं मला नवल वाटतं.

फोन तू उचलत नाहीस. मेसेज वाचतेस आणि सोडून देतेस, ते मला दिसतं. म्हणून हे कागदावर. कागद घरात पडून राहतो आणि येता-जाता डोळ्यांत खुपतो, एवढा तरी त्याचा उपयोग. तू मूग गिळून का बसली आहेस ते मला कळत नाही. रागावली असलीस तर तेही सवडीने कळव. पण आधी माझं एक काम कर, कारण आईच्या नाचावरचं माझं पुस्तक महिनाअखेर छापायला जातंय आणि ते तुझ्यापाशी अडलंय.

अडवणारी तू एकटी नाहीस म्हणा. प्रकाशकांनी मला एक संपादकबाई दिल्या आहेत. हुशार आहेत, वेळेच्या पक्क्या आहेत आणि माझ्या डोक्याला ताप आहेत. त्यांनी आजवर बागकामाची आणि आरोग्याची पुस्तकं केली. आईच्या नृत्यरचनांबद्दल वाचताना त्यांना प्रत्येक पानावर एकच शंका येते. ‘जिना’मध्ये बायका एका कचेरीचा खराखुरा जिना चढतात आणि उतरतात. मी ‘उतरतात’ लिहिलं की समासात पेन्सिलीने प्रश्न: ‘नाचत उतरतात की नुसत्याच उतरतात?’ हा प्रश्न लोकांना पडावा म्हणून आईने आयुष्यभर धडपड केली. आता तो पडला, तर मला भिंतीवर डोकं आपटून घ्यावंसं वाटतं.

‘उभी’वरून तर भांडणच झालं. बाई म्हणाल्या, “अहो, यात त्या काहीच करत नाहीत. नुसत्या उभ्या आहेत. मग इतकी पानं कशाला?” मी म्हटलं, “तुम्ही भर चौकात सकाळपासून संध्याकाळपर्यंत न हलता उभ्या राहून दाखवा, मग पानं कापा.” तुला आठवतं ना तो दिवस? लोक आईला बसस्टॉप कुठे ते विचारत होते आणि ती नुसत्या डोळ्यांनी दिशा दाखवत होती. तू मात्र रडकुंडीला आली होतीस, शाळेतलं कुणी बघेल म्हणून. मी तिच्या शेजारी उभी राहायचा हट्ट करत होते. मी जेमतेम तिच्या कमरेइतकी, आणि क्षणभर स्थिर राहिले असेन तर शपथ. भिंगरी नाव उगाच नाही पडलं.

तर काम काय ते सांगते. गंमत अशी, की या बाईंना सगळ्या पुस्तकात एकच प्रकरण मनापासून आवडलंय. शेवटचं. ते वाचून त्यांनी आपणहून मला फोन केला. ते प्रकरण आई गेल्यावर तू पाठवलेल्या फिल्मवरचं आहे.

ताई, ती फिल्म मी किती वेळा पाहिली याचा हिशेब नाही. आधी मला काहीच समजेना. आवाज नाही, टेबल, खिडकीचा उजेड, आणि आईचा उजवा हात. चेहराही धड दिसत नाही. मग हळूहळू मला त्यातली रचना दिसायला लागली. आधी कापड, मग कप, मग कपड्यांचे चिमटे, मग बटणं. प्रत्येक गोष्ट पुन्हा पुन्हा, पण दर वेळी किंचित वेगळी. अर्धांगवायू झालेल्या हातालाच तिने नाचणारा केला! जिच्याकडून सगळं काढून घेतलं, तिने त्याच एका हातावर शेवटचं काम केलं. सगळं प्रकरण तुला मागच्या महिन्यात पाठवलंच होतं, पण तू वाचलं नसशील म्हणून त्यातला तुकडा पुन्हा देते:

‘कापडावर टेकलेला तळवा टेबलाच्या कडेपर्यंत जातो आणि थांबतो. या थांबण्यात पुढे जाण्याची इच्छा आणि न जाण्याचा निर्णय, दोन्ही एकाच वेळी दिसतात. पुढे एक चिमटा बोटांतून निसटतो. ती त्याच्याकडे बघत नाही. पडणं हीसुद्धा तिच्यासाठी एक हालचालच आहे.’

चांगलं आहे ना? स्वतःची पाठ थोपटून घेते, दुसरं कुणी थोपटायला नाही.

आता बाईंना त्याखाली एक टीप हवी आहे. रचनेचं नाव, साल, आणि ती प्रसिद्ध करायला आईची हरकत नव्हती असे दोन शब्द. शेवटच्या दिवसांत तिच्याजवळ तू होतीस, म्हणून ते तू लिहायचंस. एवढंच. नाव तिने ठेवलं नसेल तर तसं लिही, मी ‘उजवा हात’ म्हणेन.

खरं तर मला टिपेपुरतंच लिहायचं होतं. पण लिहितेच. मी येते म्हटलं की आई फोनवर यायची आणि त्या जड जिभेने म्हणायची, “आता नको. पुस्तक संपव. मग ये.” दर वेळी तेच. मी तिकिटं काढायची आणि परत करायची. मी आले ती थेट तिला पांढऱ्या चादरीखाली बघायला. तुझ्या घरातल्या त्या खोलीत तिची चप्पल होती, औषधं होती, तुझ्या क्लिनिकमधली ती निळी खुर्ची होती. माझं काही नव्हतं. मी कुणाला बोलले नाही, पण फार लागलं मला ते. मग तुझी फिल्म आली आणि मी म्हटलं, हां, म्हणून येऊ देत नव्हती. काम पूर्ण झाल्याशिवाय ती कुणाला तालमीच्या खोलीत घ्यायची नाही, हे मला ठाऊक होतंच. तिने माझ्यासाठी ठेवलं होतं काहीतरी.

म्हणून ती टीप लवकर पाठव. टीप नाही तर प्रकरण नाही, असं बाईंनी बजावलंय. ‘हो, तिने हे भिंगरीसाठी केलं’ एवढं लिहिलंस तरी पुरे.

उत्तराची वाट बघून कंटाळलेली,
तुझी भिंगरी


रविवार, १६ मार्च

चि. भिंगरीस,

अनेक आशीर्वाद. यांची पाठ बरी आहे. सांगितलेलं करत नाहीत, त्याला मी काय करू.

तू पाठवलेलं प्रकरण मला महिन्यापूर्वीच मिळालं होतं. मी ते वाचलं आणि त्या दिवसापासून तुझा फोन घ्यायची हिंमत होईना. सरळ लिहिते, मला तुझ्यासारखं वळणावळणाने लिहिता येत नाही.

ती रचना नाही. ते व्यायाम आहेत, मी दिलेले. कापड सरकवणं खांद्यासाठी, कप उचलणं मनगटासाठी, चिमटे आणि बटणं बोटांसाठी. माझ्या क्लिनिकमध्ये येणारा प्रत्येक अर्धांगाचा पेशंट हेच करतो. कालही एक सुतार तेच करून गेला. हात सुधारतोय की नाही हे पडताळून बघायला मी दर आठवड्याला फोनवर चित्रण करायचे. तू जे ‘दर वेळी किंचित वेगळं’ म्हणतेस, ते वेगवेगळ्या आठवड्यांचं आहे. मी तुकडे एकामागे एक जोडले.

कापडावरचा हात कडेला थांबतो, कारण तिथे खांदा अडायचा. निर्णय कसला डोंबलाचा. पडलेल्या चिमट्याकडे ती बघत नाही, कारण उजव्या बाजूचं तिला दिसतच नव्हतं. अर्धांगाच्या झटक्यात नजरेचा तेवढा भाग गेला होता. मी हे तुला तेव्हा फोनवर सांगितलं होतं, पण तू बहुतेक लिहीत असशील.

आता खरं अवघड. आवाज मी काढून टाकला, कारण त्यात ती रडते. मला शिव्या देते. कोणत्या, ते लिहीत नाही. ज्या बाईने आयुष्यभर दुसऱ्यांना ‘पुन्हा कर’ म्हटलं, तिला मी रोज सकाळी ‘पुन्हा कर’ म्हणायचे. आणि एकदा, बटणांच्या वेळी, तिने मान फिरवली आणि सगळे शब्द नीट जुळवून म्हणाली, “पुरे. बंद कर ते. भिंगरीला दाखवू नकोस.”

मी दाखवलं.

का, ते विचारशील. मला तुझा राग आला होता. तुला आई चालती-बोलती मिळाली. टाळ्या, तालमी, रात्री उशिरापर्यंतच्या तुमच्या गप्पा, मी दाराबाहेरून ऐकलेल्या. माझ्या वाट्याला आली ती खुर्चीत बसलेली, तोंड पुसायला लागणारी. त्याची तक्रार नाही, ते माझं कामच आहे. पण तिने तुला येऊ दिलं नाही आणि मला मात्र सगळं बघायला लावलं. एक हात तिच्या कोपराखाली धरून दुसऱ्या हाताने मी ते चित्रण करायचे. ती गेल्यावर मला वाटलं, हे मी एकटीने का बघितलेलं असावं? म्हणून पाठवलं. आवाजासकट पाठवायची मात्र छाती झाली नाही. सोबत चिठ्ठीही लिहिली नाही. लिहिली असती तर तू तोंडघशी पडली नसतीस, हे मला कळतं.

टीप मी लिहू शकत नाही. तिची हरकत होती. तुला वाटलं तर छाप, मी कुणाला काही सांगणार नाही. पण खोटं माझ्याकडून लिहून मागू नकोस.

जेवण वेळेवर घेत जा. तू घेत नाहीस.

तुझी,
ताई


शनिवार, २२ मार्च

ताई,

नमस्कार वगैरे पुढच्या पत्रात.

तुझं पत्र वाचून मी पहिल्यांदा काय केलं असेल, तर ते प्रकरण पुन्हा वाचलं. इतकं हसू आलं की शेजारीण दार वाजवायला आली. ‘पडणं हीसुद्धा एक हालचालच आहे’! अगं, त्या सुताराचं चित्रण पाठवलं असतंस तर मी त्याच्यावरही असंच काहीतरी सुंदर लिहिलं असतं. नंतर हसू थांबलं आणि मग नुसता संताप. तुझा, आईचा, संपादकबाईंचा, माझ्या या डोळ्यांचा, ज्यांना जिथे-तिथे नाच दिसतो. अख्खा हिवाळा घालवला मी त्या पानांवर.

दुसऱ्या दिवशी प्रकाशकांकडे गेले. बाईंना म्हटलं, शेवटचं प्रकरण काढा. त्यांनी चष्मा काढला. “अहो, तेच तर एक समजण्यासारखं आहे.” मी सगळं सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “व्यायाम असला म्हणून काय बिघडलं? तुम्हीच तर सगळ्या पुस्तकभर लिहिलंय, की जिना चढणं नाच, उभं राहणं नाच. मग टेबल पुसणं का नाही?”

आपलेच दात आणि आपलेच ओठ. इतके दिवस त्यांना जे समजावून घसा कोरडा केला, ते नेमकं त्या दिवशी त्यांना समजलं होतं. आणि खरं सांगू का ताई, क्षणभर मला मोहही झाला. टीपसुद्धा मनात तयार झाली: ‘या हालचालींचा उगम उपचारांत असला तरी...’ असलं लिहायला मला कितीसा वेळ लागतो? तूही कुणाला सांगणार नव्हतीस. बाईंना हवंच होतं. प्रकाशकांनी चहा मागवला होता. माझ्या नावाचं एक चांगलं प्रकरण बचावत होतं.

मग मी म्हटलं, “चौकात ती उभी राहिली ते बघितलं जावं म्हणून. टेबल पुसलं ते हात परत यावा म्हणून. आणि कुणी बघू नये असं तिने तोंडाने सांगितलं होतं.” बाई म्हणाल्या, “पण ते पुस्तकातलं सगळ्यात चांगलं आहे हो.” मी म्हटलं, “असू दे.” आणि बाहेर आले. चहा तसाच राहिला. रस्त्यावर येऊन मात्र रडले, एका बंद दुकानाच्या पायरीवर बसून, नाक शिंकरत. कुणीतरी विचारलंसुद्धा, बरं नाही का म्हणून. मी म्हटलं, पुस्तक लिहिते मी. त्याला ते पुरलं असावं, गेला बिचारा.

पुस्तक आता ‘उभी’वर संपतंय. बाईंनी ती पानं कापली नाहीत. माझी दया आली असेल.

तुझ्यावर मी चिडलेली आहे, हे नीट ऐकून घे. चिठ्ठी नाही, आवाज नाही, आणि महिनाभर फोन न उचलणं. मी त्या फिल्मवर घर बांधत होते आणि तू लांबून बघत बसलीस. मला वेळीच एक थोबाडीत दिली असतीस तरी चाललं असतं. आणि ‘तू बहुतेक लिहीत असशील’ हे जे तू मध्येच टोचून ठेवलंयस ना, ते बरोबर जागी लागलंय. पण टाळ्या आणि गप्पा मला मिळाल्या म्हणून सगळी आई मला मिळाली, असं समजू नकोस. रात्री उशिरापर्यंतच्या त्या गप्पा म्हणजे ती बोलायची आणि मी चुकांची उजळणी करायचे. तू दाराबाहेर होतीस ते मला माहीत असतं तर मी तुझ्याकडे पळून आले असते.

काल फिल्म पुन्हा लावली. रचना शोधायची सवय जाता जात नाही, म्हणून यावेळी आईचा हात बघायचाच नाही असं ठरवलं. तर डाव्या कोपऱ्यात, आईच्या कोपराखाली, एक दुसरा हात आहे. प्रत्येक तुकड्यात आहे. कोपर खाली आलं की तो खाली येतो, वर गेलं की वर जातो, आणि कुठेही टेकत नाही. फक्त एकदा, कप कलंडतो तेव्हा, झटकन टेकतो आणि लगेच सुटतो. छापण्यासाठी आम्ही फिल्ममधली चित्रं काढली होती, त्यात तो हात कडेने कापून टाकायला मीच सांगितलं होतं. मध्ये येतो म्हणून. इतक्या पानांत त्या हाताबद्दल एक ओळ नाही माझी. आणि ती नाही तेच बरं, नाहीतर त्यालाही काहीतरी नाव ठेवलं असतं मी. हात होता तुझा, एवढंच आता लिहिते.

मी शुक्रवारी सकाळच्या गाडीने येतेय. विचारत नाहीये, कळवतेय. ‘आता नको’ म्हणायची सोय त्या घरात आता कुणाला नाही.

आणि एक मागायचंय. आवाजासकट मूळचं चित्रण तुझ्या फोनमध्ये अजून असेल, तू काही पुसणारी नव्हेस. ते मला ऐकव. रडणं, शिव्या, सगळं. तू शेजारी बस. मग तू म्हणशील तर दोघी मिळून पुसून टाकू, आईचं म्हणणंही राहील. पण आधी ते बटणांच्या वेळचं मला ऐकू दे. ताई, तू लिहिलंस त्यावरून त्या सगळ्या फिल्ममध्ये आईने माझं नाव घेतलंय ते फक्त त्या एका वाक्यात, आणि आवाजाबरोबर नेमकं तेच तू कापून टाकलंस.

शुक्रवारी दार उघड.

जिला दाखवू नकोस म्हणाली होती, ती
भिंगरी